नादारी आणि लबाडी

शहाण्यानें कोर्टाची पायरी चढूं नये, ही म्हण महाराष्ट्रांत घरोघर ठाऊक आहे. परंतु ज्याची घामाची पुंजी दुसऱ्याकडे अडकली आणि मागून मागून ज्याची जीभ थकली, त्या माणसास ती पायरी चढण्यावांचून दुसरी वाट उरत नाहीं. तो दावा लावतो, वकील देतो, तारखांमागून तारखा मोजतो, आणि अखेरीस एके दिवशीं न्यायाधीश त्याच्या बाजूनें निकाल देतात. हातांत हुकूमनामा पडतो. त्यावर न्यायालयाची मोहोर असते. मुद्दल, व्याज आणि खर्च यांचे आंकडे असतात. तो समजतो, कीं आतां पैसे आलेच.

वस्तुतः आलेला असतो तो केवळ कागद. न्यायालयानें इतकेंच सांगितलेलें असतें, कीं हें देणें खरें आहे. तें वसूल करून देण्याचें काम अद्याप आरंभावयाचेंच असतें. त्यासाठीं वेगळी दरखास्त द्यावी लागते, आणि तेथून दुसरा प्रवास सुरू होतो. १८७२ सालीं लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलनें एका निकालांत असा अभिप्राय दिला होता, कीं हिंदुस्थानांतील पक्षकाराच्या अडचणी हुकूमनामा मिळाल्यानंतर सुरू होतात. त्या अभिप्रायास दीडशें वर्षें उलटून गेलीं. तरी २०२५ सालीं सर्वोच्च न्यायालयापुढें जी माहिती आली, तीवरून देशांतील न्यायालयांत आठ लाखांहून अधिक दरखास्ती तुंबून राहिल्याचें दिसून आलें. त्यांत घराजमिनीच्या ताब्याच्या दरखास्तीही आहेत हें खरें. पण पैशाच्या दरखास्ती ज्या एका खडकावर वारंवार येऊन आपटतात, तो खडक म्हणजे ऋणकोचें एक छोटेंसें वाक्य होय: "माझ्याजवळ कांहीं नाहीं."

हे तीन शब्द कोणाच्या तोंडचे आहेत, यावर सारें कांहीं अवलंबून आहे. अशी कल्पना करावी, कीं एका शिंप्यानें दुकान वाढविण्यासाठीं कर्ज काढलें. पुढें घरांत मोठें दुखणें आलें, गिऱ्हाईक तुटलें, आणि आतां त्याच्यापाशीं शिवणाच्या यंत्रावांचून कांहीं उरलें नाहीं. त्याच गल्लींतील दुसऱ्या एका दुकानदारावरही हुकूमनामा झाला आहे. दाव्याचें समन्स हातीं पडतांच त्यानें आपला गाळा मेहुण्याच्या नांवें करून दिला, बँकेंतील ठेव काढून घेतली, आणि आज तो त्याच गाळ्यांत त्याच गादीवर बसून गल्ला मोजतो आहे. न्यायाधीशापुढें उभें राहून दोघेही एकच वाक्य उच्चारतात. शब्द तेच, कदाचित् स्वरही तोच. परंतु पहिल्याच्या तोंडीं ती नादारी आहे आणि दुसऱ्याच्या तोंडीं लबाडी.

या दोहोंतील भेद कसा ओळखावा, हाच कर्जवसुलीच्या कायद्यांतील खरा प्रश्न आहे. सर्वांवरच विश्वास ठेवला, तर जिनें आपल्या तुटपुंज्या बचतींतून उसनवार दिली ती विधवाही बुडते आणि लबाड मात्र सुखानें नांदतो. कोणावरच विश्वास ठेवला नाहीं, तर दारिद्र्य हाच गुन्हा ठरतो. या दोन टोंकांमधून वाट काढावयास कायद्यास फार काळ लागला, आणि त्या वाटेचा एक महत्त्वाचा टप्पा महाराष्ट्राच्याच भूमीवर घडला.

पेशवाईच्या अखेरच्या काळांत वसुलीचा एक रूढ मार्ग म्हणजे तगादा. हा शब्द मूळचा अरबी 'तकाजा'. पेशव्यांकडून जिंकलेल्या मुलखाविषयीं एल्फिन्स्टननें १८१९ सालीं जो अहवाल लिहिला, त्यांत या रिवाजाचें वर्णन आहे. धनको ऋणकोच्या दारीं माणूस बसवी, त्याच्या जाण्यायेण्यास व जेवणखाणास अटकाव करी, आणि प्रसंगीं स्वतःच त्याच्या उंबऱ्यावर उपाशी धरणें धरून बसे. हें सारें लोकलाजेच्या बळावर चाले. मात्र जुन्या धर्मशास्त्रानें धनकोच्या हांवेसही एक बांध घातला होता. तो म्हणजे दामदुपट. व्याज कितीही सांचलें, तरी एका वेळीं मुद्दलापेक्षां अधिक व्याज मागतां येऊं नये, असा तो नियम.

इंग्रजी अमलाबरोबर दिवाणी न्यायालयें आलीं आणि त्यांच्या मागोमाग दिवाणी तुरुंगही आला. खुद्द इंग्लंडांत त्या वेळीं कर्जदारांचे तुरुंग भरलेले असत. सुप्रसिद्ध कादंबरीकार चार्ल्स डिकन्स यांच्या वडिलांना १८२४ सालीं लंडनच्या मार्शलसी तुरुंगांत कर्जापायीं जावें लागलें, आणि बारा वर्षांच्या चार्ल्सवर बुटांच्या काळ्या रंगाच्या कारखान्यांत काम करण्याची पाळी आली. ज्याला कोंडलें तो कमावणार कसा, आणि कमावल्यावांचून फेडणार कसा? हा साधा प्रश्न त्या समाजास हळूहळू उमगला, आणि १८६९ सालीं तेथील पार्लमेंटनें सामान्य कर्जासाठीं तुरुंगवास बंद केला. पैसे असूनही जो देत नाहीं, त्याच्यापुरती मात्र सहा आठवड्यांपर्यंतची कैद शिल्लक ठेवली.

याच सुमारास दख्खनचा शेतकरी मात्र त्या तुरुंगाच्या छायेंत वावरत होता. १२ मे १८७५ रोजीं पुणें जिल्ह्यांतील सुपें येथें बाजारासाठीं जमलेले शेतकरी सावकारांच्या घरांवर व दुकानांवर चालून गेले. पुढें हें लोण पुणें व अहमदनगर जिल्ह्यांतील अनेक गांवीं पसरलें. त्यांचा रोख माणसांपेक्षां कागदांवर होता. रोखे, खतें आणि हुकूमनामे हिसकावून घेऊन ठिकठिकाणीं त्यांची होळी करण्यांत आली. सरकारनें चौकशीसाठीं मंडळ नेमलें, तेव्हां जें चित्र पुढें आलें तें विचार करावयास लावणारें होतें. शेतकरी न्यायालयांत हजर होत नसे; त्यामुळें हुकूमनामे एकतर्फी होत. मग त्यास तुरुंगाचा धाक घालून नवा, अधिक रकमेचा रोखा लिहून घेतला जाई. म्हणजे कैद ही वसुलीसाठीं नव्हे, तर कर्ज वाढविण्यासाठीं उपयोगीं पडत होती.

त्यांतूनच १८७९ चा दख्खनच्या शेतकऱ्यांच्या कर्जनिवारणाचा कायदा जन्मास आला. पुणें, सातारा, सोलापूर आणि अहमदनगर या चार जिल्ह्यांत, पैशाच्या हुकूमनाम्यासाठीं शेतकऱ्यास अटक करतां येणार नाहीं, असें त्यांत ठरलें. रोख्यावरील आंकडा पाहूनच न थांबतां, व्यवहाराचा मूळापासूनचा इतिहास तपासण्याचें कामही न्यायाधीशांवर सोंपविण्यांत आलें. या कायद्याच्या अंमलबजावणीसाठीं नेमलेल्या विशेष न्यायाधीशांत पुढें न्यायमूर्ति महादेव गोविंद रानडे हेही होते.

देशांतील इतर सर्वांसाठीं हा विचार यावयास आणखी अर्धशतक गेलें. १९०८ ची दिवाणी प्रक्रिया संहिता आजही चालू आहे. तिच्या मूळ स्वरूपांत पन्नास रुपयांहून अधिक रकमेसाठीं सहा महिन्यांपर्यंत कैद होऊं शकत असे. १९३६ सालीं तिच्या ५१ व्या कलमास एक पुस्ती जोडण्यांत आली, आणि त्या पुस्तीनें दिवाणी कैदेचा पाया बदलला. केवळ कर्ज थकलें एवढ्यावरून कोणासही तुरुंगांत धाडतां येणार नाहीं. त्यासाठीं तीनपैकीं एक तरी गोष्ट न्यायाधीशास पटली पाहिजे, आणि ती कां पटली याचीं कारणें लेखी नमूद केलीं पाहिजेत.

त्या तीन गोष्टी अशा. पहिली, वसुलींत अडथळा आणण्याच्या हेतूनें ऋणको पळून जाण्याच्या बेतांत आहे, किंवा दावा लागल्यानंतर त्यानें आपली मालमत्ता अप्रामाणिकपणें दुसऱ्याच्या नांवें केली, दडविली अगर हलविली आहे. दुसरी, हुकूमनामा झाल्या दिवसापासून पुढें केव्हांतरी सगळी रक्कम किंवा तिचा बराचसा भाग देण्याची ऐपत त्यास होती किंवा आज आहे, आणि तरीही तो नाकारतो किंवा टाळतो. तिसरी, ही रक्कम विश्वस्ताच्या नात्यानें त्याच्या हातीं आलेली होती आणि तिचा हिशेब देणें त्याचें कर्तव्य होतें. शिंपी यांपैकीं कशांतच बसत नाहीं. दुकानदार पहिल्याच गोष्टींत बसतो.

तरीही एक शंका उरत होती. हुकूमनाम्यानंतर एखाद्याच्या हातीं पैसे आले, पण ते त्यानें मुलाच्या शस्त्रक्रियेस किंवा घरांतील अन्नधान्यास खर्चले. तर "ऐपत होती" या शब्दांखालीं त्यास कैद करावयाची काय? १९८० सालीं केरळांतील एका बँकेच्या हुकूमनाम्याच्या प्रकरणांत सर्वोच्च न्यायालयानें या शंकेचें निरसन केलें. न्यायमूर्ति व्ही. आर. कृष्ण अय्यर यांनीं लिहिलेल्या त्या निकालाचें सार असें, कीं नुसतें न देणें पुरेसें नाहीं; न देण्यामागें खोटी नियत असली पाहिजे, किंवा आज हातांत ऐपत असली पाहिजे. ऋणकोच्या इतर निकडीच्या गरजा आणि त्याची हलाखीची स्थिति यांचा विचार न्यायाधीशानें केलाच पाहिजे. नागरी व राजकीय हक्कांच्या ज्या आंतरराष्ट्रीय करारांत भारत १९७९ सालीं सामील झाला, त्याच्या अकराव्या कलमांतही हेंच तत्त्व आहे: करारानें पत्करलेलें देणें देतां आलें नाहीं एवढ्याच कारणानें कोणासही कैद होऊं नये.

हें तत्त्व झालें. पण भेद ओळखण्याचें काम प्रत्यक्षांत कसें चालतें, हें पाहणें अधिक उपयोगाचें आहे. कारण बहुतेक माणसें तत्त्वासाठीं नव्हे, तर रीत ठाऊक नसल्यामुळें अडचणींत येतात.

धनकोनें अटकेची मागणी केली, तर ती कां केली याचीं कारणें त्यानें दरखास्तींत किंवा प्रतिज्ञापत्रांत लिहिलीं पाहिजेत. त्यानंतर न्यायालय ऋणकोस नोटीस काढतें, कीं तुला तुरुंगांत कां धाडूं नये याचें कारण येऊन दाखव. जो पळून जाईल अशी न्यायालयाची खात्री पटली असेल, त्याच्याच बाबतींत ही नोटीस वगळली जाते. नोटिशीप्रमाणें ऋणको हजर झाला, कीं आधीं धनकोचें ऐकावयाचें, त्याचा पुरावा घ्यावयाचा, आणि मग ऋणकोस बोलण्याची संधि द्यावयाची, असा क्रम नियमांनींच घालून दिला आहे. यांतील मर्म ध्यानांत घेण्यासारखें आहे. ऐपत दाखवून देण्याचा भार मुळांत धनकोवर असतो. "मी गरीब आहे" हें सिद्ध करण्याआधींच कोणी तुरुंगांत जात नाहीं.

परंतु जो हजरच होत नाहीं, त्याच्या बाबतींत ही सारी व्यवस्था कोलमडते. नोटीस घेऊन ती कोनाड्यांत ठेवली आणि तारखेस गेलें नाहीं, तर धनकोच्या मागणीवरून अटकेचें वॉरंट निघतें. नादार माणूस भिऊन घरीं बसतो आणि त्याचें तें बसणेंच लबाडीसारखें दिसूं लागतें. सुप्याच्या शेतकऱ्याचें जें झालें, तेंच शहरांतल्या शिकलेल्या माणसाचेंही होऊं शकतें. तेव्हां खरी नादारी ज्यानें भोगली आहे, त्यानें तर सर्वांत आधीं न्यायालयांत उभें राहिलें पाहिजे.

अटकेचा हुकूम झालाच, तरी त्यासही मर्यादा आहेत. सूर्यास्तानंतर आणि सूर्योदयापूर्वीं बेलिफास कोणाच्या राहत्या घरांत अटकेसाठीं शिरतां येत नाहीं. पैशाच्या हुकूमनाम्यासाठीं स्त्रीस अटक किंवा कैद करतां येत नाहीं. जागच्या जागीं सगळी रक्कम भरली, तर त्याच क्षणीं सुटका होते. दोन हजार रुपयांपर्यंतच्या हुकूमनाम्यास कैद मुळींच नाहीं. त्यापुढें पांच हजारांपर्यंत सहा आठवडे, आणि पांच हजारांवर फार तर तीन महिने. गंभीर आजार असेल, तर वॉरंट रद्द होऊं शकतें किंवा सुटका करतां येते.

येथें एक मौज आहे. दिवाणी कैद्याच्या निर्वाहाचा भत्ता सरकार देत नाहीं; तो धनकोस आगाऊ भरावा लागतो. भत्ता थांबला, कीं तुरुंगाचें दार उघडतें. म्हणजे ज्यानें पैसे बुडविले, त्यासच पोसण्याची पाळी धनकोवर येते. शिवाय कैद भोगल्यानें कर्ज फिटत नाहीं. मात्र एकदां सुटल्यावर त्याच हुकूमनाम्यासाठीं पुन्हां अटक होत नाहीं. यावरून सुज्ञ धनकोस हें उमगावें, कीं तुरुंग हा सूड घेण्याचा मार्ग नव्हे, आणि वसुलीचाही क्वचितच.

वसुलीचा खरा मार्ग मालमत्तेचा शोध हा होय. हुकूमनाम्याची रक्कम तीस दिवस थकली, तर धनकोच्या अर्जावरून न्यायालय ऋणकोस आपल्या सर्व मालमत्तेचें प्रतिज्ञापत्र करावयास लावूं शकतें: घर, जमीन, ठेवी, येणीं, सगळें कांहीं. न्यायालयांत बोलावून त्याची तोंडी तपासणीही करतां येते. हें प्रतिज्ञापत्र देण्याचा हुकूम जो मोडतो, त्यास तीन महिन्यांपर्यंत कैद होऊं शकते. ही कैद गरिबीबद्दल नव्हे, तर मौनाबद्दल असते. शिंप्यास हें प्रतिज्ञापत्र पांच मिनिटांत लिहितां येईल. दुकानदाराच्या लेखणीस मात्र मेहुण्याचें नांव लिहितांना कांपरें भरेल. आणि तो खोटें लिहील, तर उलटतपासणींत खरेदीखताची तारीखच त्याच्याविरुद्ध साक्ष देईल. धनकोस बुडविण्याच्या किंवा रखडविण्याच्या हेतूनें केलेलें हस्तांतर धनकोस रद्द ठरवून घेतां येतें, असें १८८२ च्या मालमत्ता हस्तांतराच्या कायद्यांतच आहे. दाव्याच्या सुरुवातीसच अशा बेताचा सुगावा लागला, तर निकालापूर्वींची जप्तीही मागतां येते. धनकोंनीं ही दुसरी सोय विशेष ध्यानांत ठेवावी. कारण पक्षी उडाल्यावर पिंजरा घट्ट करण्यांत अर्थ नसतो.

मालमत्ता सांपडली, तरी सगळीच जप्त होते असें नाहीं. संहितेचें ६० वें कलम हें या सर्व कायद्याचें हृदय आहे असें म्हटलें, तर अतिशयोक्ति होणार नाहीं. ऋणकोचे, त्याच्या बायकोचे आणि मुलांचे अंगावरचे कपडे, अंथरूणपांघरूण, स्वयंपाकाचीं भांडीं, आणि धर्माचाराप्रमाणें स्त्रीनें अंगावरून उतरवूं नये असे दागिने यांस हात लावतां येत नाहीं. मंगळसूत्र याच सदरांत येतें. कारागिराचीं हत्यारें, शेतकऱ्याचीं औतें, त्याचीं निर्वाहापुरतीं गुरें, बियाणें आणि राहतें घर सुटलेलें आहे. मजुरांची व घरकाम करणाऱ्यांची मजुरी, सरकारी नोकराचें निवृत्तिवेतन, भविष्यनिर्वाह निधि आणि ऋणकोच्या आयुर्विम्याची रक्कम हीही सुटलेलीं आहेत. शिंप्याचें यंत्र हें त्याचें हत्यार. तें बेलिफास उचलून नेतां येत नाहीं.

पगारदारांच्या घरीं याविषयीं फार गैरसमज असतात, म्हणून हिशेब स्पष्ट मांडलेला बरा. पगारांतील पहिले एक हजार रुपये आणि उरलेल्याचे दोनतृतीयांश हे सुरक्षित असतात. समजा, पगार एकतीस हजार आहे. पहिले एक हजार बाजूला काढले. राहिले तीस हजार. त्यांचे दोनतृतीयांश वीस हजार. म्हणजे एकवीस हजार ऋणकोच्या घरीं येतील आणि दहा हजार जप्तीस पात्र ठरतील. अशी जप्ती एकंदर चोवीस महिने चालली, कीं त्याच हुकूमनाम्यासाठीं पुढें पगार अडविला जात नाहीं. पोटगीच्या हुकूमनाम्यास मात्र हा नियम नाहीं. तेथें पगाराचा केवळ एकतृतीयांश सुरक्षित असतो. कारण बायकोमुलांचें पोट हें सावकाराच्या देण्याच्या पंक्तींत बसविण्यासारखें नव्हे.

जीं वस्तुमात्रें जप्त होत नाहींत, तीं ऋणकोची ऐपत मोजतांनाही धरावयाचीं नाहींत, असें ५१ व्या कलमाच्या पुस्तींतच सांगितलें आहे. "तुझ्याकडे यंत्र आहे, तें विकून पैसे भर, नाहींतर तुरुंगांत चल," असें शिंप्यास म्हणतां येत नाहीं. इतकेंच नव्हे, तर कर्ज घेतांना गरजेपोटीं कोणीं "मी ही सवलत सोडून देतो" असें लिहून दिलें असेल, तर तें लिहिणेंही १९७६ च्या दुरुस्तीप्रमाणें निरर्थक ठरतें. गरजवंतास अक्कल नसते, ही म्हण कायद्यानें येथें मान्य केली आणि तिचा फायदा उठविण्यास मनाई केली.

वडिलांचें कर्ज मुलास तुरुंगांत नेईल काय, असा प्रश्न अनेक घरांत दबक्या आवाजांत विचारला जातो. ऋणको वारला, तर त्याच्या वारसावर दरखास्त चालते खरी; परंतु मृताची जी मालमत्ता वारसाच्या हातीं आली असेल, तेवढ्यापुरतीच. त्यापलीकडे त्याच्या स्वतःच्या कमाईस धक्का लागत नाहीं. न वटलेल्या चेकचा खटला मात्र फौजदारी कायद्याखालीं येतो. त्याचे नियम निराळे, आणि त्यास वर सांगितलेली ढाल पुरत नाहीं.

आतां प्रश्न राहतो तो खऱ्या नादारास पुढें वाट कोणती, हा. पहिली वाट हप्त्यांची. हुकूमनामा होण्यापूर्वीं ऋणकोनें आपली स्थिति न्यायालयापुढें मांडली, तर न्यायाधीशास योग्य कारणासाठीं हप्ते बांधून देतां येतात. हुकूमनामा झाल्यावर हप्ते हवे असतील, तर धनकोची संमति लागते. एकाच विनंतीची किंमत आठ दिवसांच्या विलंबानें अशी बदलते, म्हणून देणें खरें असेल तर खोटा बचाव लढविण्यापेक्षां आरंभींच हप्ते मागणें शहाणपणाचें.

दुसरी वाट नादारी जाहीर करून घेण्याची. अटक झालेल्या ऋणकोस या मार्गाची माहिती देणें हें न्यायालयाचें कर्तव्य आहे. आणि महिन्याभरांत तसा अर्ज करण्यासाठीं त्यानें जामीन दिला, तर त्यास सोडतां येतें. २०१६ च्या दिवाळखोरी संहितेंतील व्यक्तींविषयींचा भाग कंपन्यांच्या कर्जास जामीन राहिलेल्या व्यक्तींपुरताच अमलांत आला आहे. इतर सामान्य माणसांसाठीं १९२० चा प्रांतिक कायदा आणि मुंबईसारख्या शहरीं १९०९ चा कायदा हेच लागू आहेत. त्यांत ऋणकोची जप्त होण्याजोगी मालमत्ता न्यायालयाच्या ताब्यांत जाते, ती सर्व धनकोंत प्रमाणशीर वांटली जाते, आणि शेवटीं प्रामाणिक ऋणकोस उरलेल्या कर्जांतून मुक्त होतां येतें. कपटानें केलेलें कर्ज मात्र या मार्गानेंही सुटत नाहीं.

धनकोसही धीर सोडण्याचें कारण नाहीं. पैशाचा हुकूमनामा बारा वर्षेंपर्यंत बजावतां येतो. नादारी ही जन्माची खूण नसून एका काळची स्थिति आहे. आज जो रिकाम्या हातांनीं उभा आहे, त्यास उद्यां नोकरी लागेल, वारसा मिळेल, धंद्यास बरकत येईल. तेव्हां तोच हुकूमनामा पुन्हां न्यायालयापुढें ठेवतां येईल. २०२१ सालीं सर्वोच्च न्यायालयानें असें बजावलें आहे, कीं दरखास्तीचा निकाल ती दाखल झाल्यापासून सहा महिन्यांत लागला पाहिजे, आणि अधिक वेळ लागला तर त्याचीं कारणें लिहून ठेवलीं पाहिजेत. हा दंडक सर्वत्र पाळला जाण्यास अवकाश आहे, हें तुंबलेल्या दरखास्तीच सांगतात. तोंवर जो धनको ऋणकोच्या ठेवी, येणीं आणि व्यवहार यांची नेमकी माहिती न्यायालयास पुरवितो, त्याची दरखास्त पुढें सरकते. जो केवळ "याला आंत टाका" असें म्हणत राहतो, त्याची तारखांवर तारखा खात पडून राहते.

उधारी ही विश्वासावर चालते, आणि विश्वासास कायद्याचा आधार हवाच; तो नसेल, तर अडल्यानडल्यास कोणी कोणास चार पैसे देणार नाहीं. परंतु त्या आधाराचा दंडुका झाला, कीं काय होतें, हें सुप्याच्या होळीनें दाखवून दिलें आहे. म्हणून आजचा कायदा धनकोस सांगतो, कीं तुझें येणें खरें आहे, पण ऋणकोची चूल विझवून तें घेऊं नकोस. आणि ऋणकोस सांगतो, कीं तुझें दारिद्र्य खरें असेल तर भिऊं नकोस, पण तें उघड करून दाखव. जो आपली पेटी न्यायालयापुढें उघडतो, ती रिकामी असली तरी कायदा त्याच्या पाठीशीं उभा राहतो. जो तिला कुलूप लावून किल्ली मेहुण्याकडे देतो, त्याच्यासाठीं दिवाणी तुरुंगाचें दार १९३६ नंतरही उघडेंच ठेवलेलें आहे.